हत्ती देशाचा मेंढा

रविवार, २८ ऑगस्ट २०२२, नांदुरा

मे महिन्यात निवृत्त झालो. एकतीस वर्षं हायस्कुलात इतिहास शिकवला. आता सकाळचे दहा वाजले की हात कुठे ठेवावेत ते कळत नाही. म्हणून अर्पिताबाईंचं काम घेतलं. त्या पुण्याच्या एका लहान प्रकाशनात संपादक आहेत, प्राचीन प्रार्थनांचं पुस्तक काढताहेत. माझ्या वाट्याला हिटाइट लोकांच्या प्रार्थना आल्या, इंग्रजीवरून मराठीत आणायच्या. त्याच म्हणाल्या, काम करताना रोजनिशी ठेवा, टिपांना उपयोगी पडेल.

हिटाइट म्हणजे तीन हजारांहून जास्त वर्षांपूर्वी आजच्या तुर्कस्तानात राज्य करणारे लोक. त्यांच्या देशाचं नाव हत्ती. हे ऐकून माझी बायको प्रेमला स्वयंपाकघरातून म्हणाली, "मंग राजा सोंडेनं जेवे का?" बायको हसली तर हसू द्यावं.

राजाचं नाव मुर्शिली. त्याच्या देशात वीस वर्षं साथ चालली. माणसं मरत गेली. शेवटी तो देवांपुढे उभा राहतो आणि सरळ विचारतो, तुमच्यासाठी भाकरी भाजणारे, दारू ओतणारे सगळे मेले, आता तुमचं कोण करणार? देवाला असं विचारायची छाती लागते. मला हा माणूस आवडला.

शनिवार, ३ सप्टेंबर

गावी जाऊन आलो. आमचं गाव वडनेर भोलजीच्या अलीकडे. शेती माणिकरावदादा, माझा थोरला भाऊ, बघतो. गुरांचा लम्पी रोग आपल्याकडेही आला. दादाच्या डाव्या बैलाच्या मानेवर सुपारीएवढ्या गाठी. तोंडातून लाळ. पोळ्याला रंगवलेली शिंगं अजून तशीच चमकत होती.

आम्ही गोठ्यासमोर बोलत असताना एक मोकाट वासरू आत शिरलं. त्याच्याही अंगावर गाठी होत्या. दादानं पहार उचलली. मला वाटलं, हाकलेल. त्यानं पहिला वार पाठीवर केला, दुसरा डोक्यावर. वासरू खाली बसलं, तरी तो थांबला नाही. माझ्या पायजम्यावर शिंतोडे उडाले.

"दादा, अरे मेलं ते!"

"मेलं पायजेच," तो म्हणाला. त्याचा श्वासही चढला नव्हता. "तू जाय पुस्तक लिही."

घरी येऊन पायजमा भिजत घातला. मुर्शिलीच्या बापाचं प्रकरण आजच लागावं! बाप म्हणजे सुप्पिलुलिउमा. त्यानं आणि सरदारांनी धाकट्या तुधलिया नावाच्या राजपुत्राशी इमान राखण्याची शपथ घेतली होती, आणि त्यालाच मारलं. मुलगा म्हणतो, त्या शपथभंगाची ही शिक्षा. सबंध दुपार 'शपथ मोडली' लिहावं की 'इमान खाल्लं', यातच गेली.

बुधवार, ७ सप्टेंबर

काल संध्याकाळी सहाला गावच्या गणपतीपुढे माझं व्याख्यान झालं. आयुष्यातलं सगळ्यात चांगलं व्याख्यान. एकतीस वर्षांत मुलांनी इतकं कधी ऐकलं नाही.

दादानंच ठरवलं होतं. लोकांच्या डोक्यात दुसरा विषय नव्हता, म्हणून मी साथीवर बोललो. आपल्याकडे पटकी आली की मरीआईचा गाडा शेजारच्या गावाच्या शिवेवर नेऊन सोडत, हे म्हाताऱ्यांना आठवत होतं. तिथून मी त्यांना हत्ती देशात नेलं. सैन्यात साथ शिरली की ते लोक मेंढा आणत. त्याच्या शिंगांना रंगीत लोकर बांधत आणि साथ घेऊन जा म्हणून त्याला शत्रूच्या मुलखाकडे हाकलत.

"आणि नुसता मेंढा नाही," मी म्हणालो. इथे जरा थांबलो. "सोबत एक बाई. नटवलेली."

मागची माणसं पुढे सरकून बसली. मग टाळ्या.

गोपालनं, ज्याच्या अंगात देवी येते त्यानं, उभं राहून विचारलं, "मंग सर, साथ गेली का?"

मी म्हणालो, "त्यांच्या लेखात तसं लिहिलं आहे." पुन्हा टाळ्या. खरं तर वीस वर्षं साथ हटली नाही, हेही सांगायचं होतं, पण तेवढ्यात नारळ आणि शाल आली, आणि ते राहून गेलं.

मंगळवार, १३ सप्टेंबर

दादाचा बैल काल मेला. खड्डा खणायला जेसीबी आणला, वर चुना आणि मीठ टाकलं. बैलाला साखळीनं ओढत नेताना दादा मागून चालत होता आणि लहान पोरासारखा रडत होता. ज्या हातांनी वासराचं डोकं फोडलं त्याच हातांनी तो बैलाच्या शेपटीला धरून होता. लस टोचायला आलेल्या माणसाला त्यानं दुपारी गोठ्यातच धरून मारलं. लस उशिरा आणली म्हणून. त्याचा चष्मा तुटला, ओठ फाटला. तो माणूस पुन्हा यायला तयार नाही.

आता उरलेल्या ढोरांना लस कोण टोचणार, हे कोणी विचारलं नाही. मीही विचारलं नाही, कारण दादा रडत होता.

शनिवार, १७ सप्टेंबर

मुर्शिली देवांना म्हणतो, कारण सांगा. स्वप्नात सांगा, कौलात सांगा, नाहीतर कोणा माणसाच्या तोंडून वदवा. सुंदर जागा आहे. संकट एकवेळ सोसवतं, कारण माहीत नसलं की सोसवत नाही, अशी टीप द्यावी म्हणतो.

गावात काल गोपालच्या अंगात आलं. वहिनीनं फोनवर सांगितलं. देवी म्हणाली, जिची ढोरं धड, तिच्या दारात रोग बांधून ठेवला आहे. गावात ढोरं धड आहेत ती फक्त विमलबाईची. विमलबाई म्हणजे शिवेजवळ राहणारी विधवा. दोन गाई, चार शेळ्या. तिची मुलगी पुष्पांजली माझी विद्यार्थिनी होती, आता खामगावला नर्स आहे. विमलबाई सकाळ-संध्याकाळ गोठ्यात कडूनिंबाचा धूर करते आणि गाईंभोवती जुनी मच्छरदाणी बांधते, हे मी स्वतः पाहिलं आहे. माश्याच नाहीत, तर रोग कुठून येणार?

हे वहिनीला सांगायला हवं होतं. पण ती सांगत होती, मी ऐकत होतो.

बुधवार, २१ सप्टेंबर

दादाचा फोन आला होता. आवाज बराच शांत वाटला.

"उद्धव, त्या मेंढ्याले कोन्ते रंग बांधत रे ते लोकं?"

तेहतीसशे वर्षांपूर्वीच्या विधीबद्दल माझा शेतकरी भाऊ मला प्रश्न विचारतो! मी लगेच वही काढली. पांढरा, लाल, हिरवा अशी वेगवेगळी लोकर, पीळ घालून, शिंगांना आणि मानेला. तो "हाव, हाव" म्हणत होता, बहुतेक लिहूनही घेत होता.

"अन् बाईले?"

"बाईला नटवायचं. लुगडं, दागिने. हाकलताना म्हणायचं, ही साथ त्या गावाकडे जावो."

"बरं. अमावास्येले पान हाये घरी, ये."

फोन ठेवल्यावर प्रेमला म्हणाली, "बाईचं कायले विचारलं भाऊजीनं?"

मी म्हणालो, कुतूहल असतं माणसाला.

ती पोळ्या लाटायला वळली.

सोमवार, २६ सप्टेंबर, घटस्थापना

काल जे झालं ते जसं झालं तसं लिहितो.

सर्वपित्रीचं जेवण दीडला आटोपलं. बापाच्या नावानं पान ठेवलं, कावळाही आला. हात धुतले तेव्हा डफडं ऐकू आलं. दादा जेवायला बसलाच नव्हता.

पारापाशी शंभर-दीडशे माणसं होती. मधे मेंढा. त्याच्या शिंगांना लोकर बांधलेली, पांढरी, लाल, हिरवी, पीळ घातलेली. मेंढ्याच्या मागे विमलबाई. अंगावर नवं लुगडं, कपाळभर कुंकू, हात पुढे बांधलेले, त्याच तिरंगी लोकरीनं. तिच्या कानातून रक्त येत होतं. कोणीतरी तिला डूल घालायचा प्रयत्न केला होता आणि भोक बुजलेलं होतं.

दादाच्या हातात मेंढ्याची दोरी होती. त्यानं तिचं दुसरं टोक बाईच्या कमरेला बांधलं.

"चाल," तो म्हणाला.

ती म्हणाली, "माणिकराव, तुमच्या मायच्या बाळंतपणाले माही सासू आली होती."

त्यानं तिच्या पाठीत काठी घातली. मग सगळेच निघाले. बायकाही होत्या. गोपाल पुढे नाचत होता. शिवेवर नाला आहे, गुडघाभर पाणी. पलीकडे दुसरं गाव. मला वाटत होतं, शिवेपर्यंत जातील, नारळ फोडतील, परत येतील. विधीत तेवढंच आहे.

पण पलीकडच्यांना कुणकुण लागली होती. ते काठ्या घेऊन उभे होते. रोग आमच्या गावात धाडता का म्हणून त्यांनी पहिला दगड मारला. तो मेंढ्याला लागला. मेंढा उधळला आणि दोरीनं बाईला पाण्यात ओढलं. ती उठली, त्यांच्या बाजूला गेली, तिथून दगड आले. आमच्या बाजूला वळली. दादा ओरडला, "मांगं येऊ देऊ नोका!" आणि इकडून दगड सुरू झाले. ती मधे. हात बांधलेले, त्यामुळे तोंड झाकता येत नव्हतं. एक दगड डोळ्यावर बसला तेव्हा आवाज आला. ओला नारळ फुटतो तसा. पलीकडच्या एकानं पाण्यात उतरून मेंढ्याच्या मानेवर कुऱ्हाड घातली. मेंढा आडवा झाला, त्याच्या वजनानं ती खाली गेली. पाणी लाल झालं. ते मेंढ्याचं किती आणि तिचं किती, कळत नव्हतं.

मी बाभळीखाली उभा होतो. पोलिसांना फोन लावायला मोबाइल काढला, पण रेंज नव्हती.

शेवटी पलीकडच्याच एका म्हाताऱ्यानं शिव्या देत पाण्यात उतरून दोरी कापली आणि तिला बाहेर काढलं. तिला अकोल्याला नेलं म्हणतात. जिवंत आहे.

मंगळवार, २७ सप्टेंबर

रेंज होती.

काल ते लिहिलं आणि आज वाचवत नाही. खोडणार नाही. खाली खरं लिहितो.

मी मोबाइल काढला तो चित्रण करायला. पारापासून नाल्यापर्यंत, सहा मिनिटं चाळीस सेकंद. मला भीती वाटत नव्हती. मला आनंद होत होता. पुस्तकातलं माझ्यासमोर चालत होतं, माझ्या गावात. विमलबाई मला त्या वेळी विमलबाई दिसतच नव्हती.

परवा संध्याकाळी पाचला नांदुऱ्याला पोचल्यावर मी तो व्हिडिओ अर्पिताबाईंना पाठवला. खाली लिहिलं, 'परिशिष्टासाठी. विधी आजही जिवंत आहे.'

त्यांचं उत्तर दहा मिनिटांत आलं. 'सर, ती बाई जिवंत आहे का?'

मग त्यांनी फोन केला. मी उचलला नाही. आज सकाळी त्यांचा निरोप होता. 'व्हिडिओ माझ्याकडे जपून ठेवला आहे. तुम्ही आठवड्याभरात पोलिसांकडे गेला नाहीत तर मी जाईन. पुस्तकाचं नंतर बघू.'

प्रेमलाला दाखवला. तिनं शेवटपर्यंत बघितला. आवाज वाढवून परत बघितला. मग पदरानं स्क्रीन पुसला आणि मोबाइल माझ्यासमोर ठेवला.

"हा आवाज तुमचाच हाये ना?"

मी मोबाइल पालथा घातला.

"बाईचं भाऊजीनं विचारलं तवा मी म्हटलं होतं. तुमाले तवाच समजलं होतं. खोटं बोलू नोका."

मला समजलं नव्हतं. खरंच नव्हतं. हे लिहून झालं आणि आता समजतं आहे की मला समजून घ्यायचं नव्हतं.

शनिवार, १ ऑक्टोबर

डाव्या हातानं लिहितो आहे. अक्षर लागणार नाही कदाचित.

गुरुवारी सकाळी दादा आला. पोलीस गावात फिरत आहेत, कोणी तोंड उघडत नाही. मी चित्रण केलं हे कोणीतरी त्याला सांगितलं.

"मोबाइल दे."

मी दिला. त्यानं उंबऱ्यावर ठेवून दगडानं ठेचला.

"आन् कोन्ही पाह्यलं?"

मला खोटं बोलता आलं असतं. मी म्हणालो, "पुण्याला पाठवला."

त्यानं माझा उजवा हात धरला, कपाटाच्या फटीत घातला आणि दारावर लाथ मारली. लोखंडी कपाट. दोनदा. तीन बोटं मोडली, करंगळीचं नख उडालं. मी ओरडत होतो आणि तो अगदी हळू आवाजात बोलत होता. "ह्याच हातानं रंग लिहून ठेवले होते ना तू? आं? तूच सांगतलं ना मले? मी काय माह्या मनानं केलं काय बे?"

प्रेमलानं वरवंटा उचलला. "निघा घरातून. नाही तं डोकंच फोडतो मी."

तो निघाला. दारातून वळून म्हणाला, "बैल मेला तवा तू माह्याकून व्हता. मंग आता कोन्हाकून हायेस?"

हाड बसवताना डॉक्टरांनी विचारलं, काय झालं? प्रेमला म्हणाली, कपाट लागलं. मी म्हणालो, भावानं मोडला. तिनं माझ्याकडे पाहिलं.

सोमवार, ३ ऑक्टोबर

काम करता येत नाही, फक्त वाचतो. मुर्शिली म्हणतो, मी पाप केलं नाही, पण बापाचं पाप माझ्यावर आलं, ते मी कबूल करतो. नोकर चुकला आणि धन्यापुढे चूक बोलला तर धन्याचं मन निवतं.

आधी ही ओळ मला उदात्त वाटायची. आता लबाड वाटते. त्याला बाप होता. मेलेला बाप, ज्याच्यावर ढकलता येतं. मी कोणावर ढकलू? दादावर ढकलायला गेलो तर तो म्हणतो ते खरं आहे, रंग मी सांगितले. दादानं ते ऐकून बाईला मारलं हेही खरं आहे. एकाच्या खऱ्यानं दुसऱ्याचं कमी होत नाही.

उद्या जातो. आठवडा उद्या संपतो म्हणून नव्हे, असं लिहावंसं वाटतं. पण उद्या आठवडा संपतो हेही खरं आहे.

मंगळवार, ४ ऑक्टोबर

प्रेमला सोबत आली. अर्पिताबाईंनी व्हिडिओ तिच्या मोबाइलवर पाठवला होता. फौजदारांनी तो टेबलावर उभा करून लावला. दोन शिपाई मागे येऊन थांबले.

डफड्याच्या आवाजावर माझा आवाज. वर्गात शिकवतो तसा. "आता बघा, पांढरा, लाल, हिरवा. पीळ घातलेला आहे. हात पुढे बांधलेत, हे मूळ विधीत नाही, ही स्थानिक भर." तेवढ्यात काठीचा आवाज. आणि मी म्हणतो, "हं."

फौजदारांनी व्हिडिओ थांबवला. मागच्या शिपायानं, पंचवीस वर्षांचा असेल, माझ्या कानाखाली मारली. फौजदार त्याला ओरडले, बाहेर पाठवलं. माझी माफी मागितली. मी म्हणालो, राहू द्या.

जबाब दिला. दादाचं नाव पहिलं, गोपालचं दुसरं, मग अकरा जणांची. व्याख्यान आणि फोनचंही सांगितलं. फौजदार म्हणाले, तुम्हीही आरोपी होणार, समजतं का? समजतं.

रविवार, २० नोव्हेंबर

दीड महिना काही लिहिलं नाही. दादा आणि आणखी सहा जण तुरुंगात. गोपाल पळाला होता, तो पकडला गेला. मी जामिनावर बाहेर. गावात गेलो तर आमच्याच भाऊबंदांनी एसटीतून उतरू दिलं नाही. वहिनीनं खिडकीतून माझ्यावर शेणाचा गोळा फेकला. तिचा अधिकार आहे.

लम्पी गेला. नवे लस टोचणारे पोलीस बंदोबस्तात आले, दोन दिवसांत गावची सगळी ढोरं टोचली. विमलबाईच्या गाई मात्र राहिल्या नाहीत. ती दवाखान्यात असताना कोणीतरी दोघींना गोठ्यासकट जाळलं. दावी सोडली नव्हती.

तिचा उजवा डोळा गेला. जबडा तारेनं बांधला होता. मी एकदा अकोल्याला गेलो, पुष्पांजली वॉर्डाच्या दारातच उभी राहिली.

"सर, तुम्ही मला अशोकाचे शिलालेख शिकवले होते," ती म्हणाली. "कलिंगात किती मेले ते पाठ करून घेतलं होतं."

मी म्हणालो, मला आईला एक सांगायचं आहे.

"तिला बोलता येत नाही. तुम्ही सांगाल आणि तिला फक्त ऐकून घ्यावं लागेल. तसं नको. ती बोलायला लागली की या."

रविवार, १५ जानेवारी २०२३

आज सकाळी पुष्पांजलीचा फोन आला. "आई घरी आली. या."

बंदोबस्ताचे दोन पोलीस होते म्हणून गावात शिरता आलं. विमलबाई जळक्या गोठ्यासमोर बाजेवर बसली होती. एक डोळा बुजलेला, तोंड एका बाजूला ओढलेलं. बोलते, पण सावकाश.

मी खाली बसलो. तोंड उघडलं, तर तिनं हात वर केला.

"अथी नोको, मास्तर. घरात सांगतलं तं ते माह्याच घरात राहीन. पारावर चाला."

पुष्पांजलीचा खांदा धरून ती चालत आली. मी मागे, पोलीस माझ्या मागे. नऊ वाजले होते, ऊन पडलं होतं. पारावर पंधरा-वीस माणसं शेकत बसली होती. आणखी जमली. वहिनी दाराबाहेर येऊन उभी राहिली.

मी उभा राहिलो.

म्हणालो, मेंढ्याचं आणि बाईचं मी सांगितलं. त्यानं साथ गेली नव्हती, वीस वर्षं माणसं मरतच राहिली, हे मला माहीत होतं आणि मी सांगितलं नाही. टाळ्या पडत होत्या म्हणून. दादानं रंग विचारले, मी सांगितले. बाईचं विचारलं, तेही सांगितलं. गोठ्यातल्या धुराचं मला माहीत होतं, तेही बोललो नाही. यांना बांधून नेलं तेव्हा मी बाभळीखाली उभा राहून चित्रण केलं.

"तुह्या भावाले तुरुंगात घालून भाषण देतो काय बे!" कोणीतरी ओरडलं. ढेकूळ आलं, कानावर फुटलं. दुसरा दगड होता, तो भुवईवर बसला. रक्त डोळ्यात उतरलं. पोलीस धावले, मी त्यांना हात केला. माझं संपलं नव्हतं. मेंढ्याला कोणी मारलं, दोरी कोणी बांधली, मागे येऊ देऊ नका हे कोण म्हणालं, सगळं नावानिशी सांगितलं. वहिनी मोठ्यानं रडत होती. सांगून झाल्यावर मी म्हणालो, "संपलं."

विमलबाई म्हणाली, "नाई संपलं."

सगळे तिच्याकडे वळले.

"म्या तुमाले हाक मारली होती. ते सांगा."

या वहीत मी ते कुठेही लिहिलेलं नाही. जबाबातही नाही. डफड्यामुळे व्हिडिओत ऐकू येत नाही, मला वाटलं होतं, आता ते कोणालाच माहीत नाही. पाण्यात पडून ती उठली आणि काठावरच्या दीडशे माणसांत तिनं मला शोधलं. तीन वेळा म्हणाली, "मास्तर, सांगा न या लोकायले."

मी ते मोठ्यानं सांगितलं.

"मंग तुमी काय केलं?"

तिसऱ्या हाकेला मी एक पाऊल मागे गेलो, बाभळीच्या आड. तिथे व्हिडिओ हलतो. फौजदारांनी विचारलं होतं, इथे तुम्हाला धक्का लागला का? मी हो म्हणालो होतो. कोणीही धक्का दिला नव्हता.

हेही सांगितलं. विमलबाईनं मान हलवली, पुष्पांजलीच्या खांद्यावर हात ठेवला आणि घराकडे निघाली.